बरणीत उतरलेले सारण : लेमन कर्डचा इतिहास

लेमन कर्ड म्हणजे लिंबाचा रस, किसलेली साल, साखर, अंडी आणि लोणी मंद आचेवर ढवळत शिजवून केलेले दाट, पिवळे, आंबटगोड मिश्रण. इंग्लंडमध्ये ते पावाला किंवा स्कोनला लावतात, केकच्या दोन थरांमध्ये भरतात, छोट्या टार्टमध्ये घालतात. दुकानात ते जॅमच्या शेजारी मांडलेले असल्यामुळे जॅमचाच एक प्रकार असावे असे वाटते. प्रत्यक्षात त्याची जात वेगळी आहे. जॅम फळातल्या पेक्टिनमुळे घट्ट होतो, कर्ड अंड्यामुळे. जॅम वर्षभर टिकतो, घरचे कर्ड काही आठवडे. फळे संपून जातील म्हणून साखरेत मुरवून ठेवावीत, ही जॅममागची गरजही कर्डमागे नव्हती. ते मुळात भट्टीत भाजायच्या एका गोड पदार्थाचे सारण होते. तो पदार्थ बाजूला पडला आणि सारण बरणीत राहिले.

ज्या फळावर हे सारण उभे आहे ते इंग्लंडचे नाही, युरोपचेही नाही. लिंबूवर्गीय फळांचे मूळ घर हिमालयाच्या आग्नेय पायथ्याचा प्रदेश, म्हणजे पूर्व आसाम, उत्तर म्यानमार आणि पश्चिम युनान हा पट्टा असावा, असे २०१८ साली ‘नेचर’ नियतकालिकात आलेल्या जनुकीय अभ्यासाने मांडले. इंग्रज ज्याला लेमन म्हणतात ते लांबट, पिवळे, जाड सालीचे फळ महाळुंग आणि आंबट नारिंग यांच्या संकरातून आले. महाराष्ट्रात भाजीवाल्याकडे मिळणारे कागदी लिंबू त्याचे चुलत भावंड. त्याच्याही एका बाजूला महाळुंगच आहे, दुसरी बाजू मात्र वेगळ्या रानटी जातीची. हा फरक केवळ वनस्पतिशास्त्राचा नाही. लेमनची साल किसायला भरपूर आणि तेलाने सुगंधी असते. कागदी लिंबाची साल पातळ, किसणी जरा खोल गेली की पदार्थ कडू होतो. लेमन कर्डची चव रसाइतकीच सालीवर अवलंबून आहे, त्यामुळे हा पदार्थ लेमनच्या मुलुखाशी बांधला गेला यात नवल नाही.

महाळुंग भूमध्य समुद्राच्या काठी इसवी सनापूर्वीच पोचले होते. लेमनची मोठी लागवड मात्र अरबांनी केली. सुमारे दहाव्या शतकापासून सिसिली आणि स्पेनमध्ये पाटाच्या पाण्यावर त्याच्या बागा उभ्या राहिल्या. इंग्लंडच्या थंड हवेत ही झाडे उघड्यावर जगत नाहीत, म्हणून तिथे फळ आले ते जहाजातून, आणि दीर्घकाळ ते राजेरजवाड्यांपुरतेच राहिले. पहिल्या एडवर्डची स्पॅनिश राणी एलिनॉर हिने १२९० साली पोर्ट्समथला लागलेल्या एका स्पॅनिश जहाजावरून १५ लिंबूवर्गीय फळे आणि ७ नारिंगे विकत घेतल्याची नोंद आहे. राणीच्या खरेदीत फळे मोजून लिहिली जात होती, यावरून त्यांचे मोल कळते. अठराव्या शतकापर्यंत चित्र बदलले. स्पेन, पोर्तुगाल आणि इटलीच्या बंदरांतून लंडनला नियमित माल येऊ लागला आणि लेमन खात्यापित्या मध्यमवर्गाच्या स्वयंपाकघरात शिरले.

तिथे ते ज्या पदार्थात शिरले तो होता चीजकेक. आजच्या अमेरिकी चीजकेकशी त्याचा संबंध दूरचा आहे. मध्ययुगीन इंग्लंडात दूध फाडून, पाणी निथळून उरणारा छेना अंडी, साखर आणि मसाले घालून कणकेच्या पारीत भाजत. १३९० च्या सुमाराच्या ‘फॉर्म ऑफ क्युरी’ या राजवाड्यातल्या पाककृतींच्या संग्रहात एल्डरच्या फुलांचा वास लावलेला असा एक टार्ट आहे. यॉर्कशरमध्ये छेन्याचे असे टार्ट आजही मिळतात. पुढे छेन्याऐवजी बदामाचे, नारिंगाचे, लेमनचे सारण भरण्याची रीत पडली. पारी तीच, साचा तोच, भट्टी तीच. त्यामुळे आत छेन्याचा कणही नसला तरी पदार्थाला चीजकेकच म्हणत राहिले. काही कृतींत थोडासा छेना नावापुरता उरला होता, नंतर तोही गेला. लेमन कर्डमध्ये दही-दुधाचा थेंब नसताना त्याच्या नावात ‘कर्ड’ आहे आणि त्याचे दुसरे नाव ‘लेमन चीज’ आहे, ते या जुन्या घराण्यामुळे.

हॅना ग्लास या बाईंचे ‘द आर्ट ऑफ कुकरी’ १७४७ साली लंडनमध्ये लेखिकेच्या नावाशिवाय, ‘एका बाईने लिहिलेले’ एवढ्याच ओळखीवर निघाले आणि पुढची कित्येक दशके खपत राहिले. त्याच्या अठराव्या शतकातल्या आवृत्त्यांत लेमन चीजकेकच्या दोन कृती एकापाठोपाठ दिल्या आहेत. पहिलीत दोन मोठ्या लेमनची साल मऊ उकडून खलात कुटायची, तिच्यात साखर, सहा अंड्यांचे बलक आणि अर्धा पौंड ताजे लोणी मिसळायचे आणि पारीत भरून भाजायचे. रसाचा पत्ता नाही. लेमन म्हणजे साल, असाच त्यामागचा विचार. दुसरी कृती अधिक महत्त्वाची आहे. तिच्यात दोन लेमनची साल किसून घ्यायची, एकाचा रस पिळायचा, अर्धा पौंड शुभ्र साखर, बारा बलक, आठ अंड्यांचा फेटलेला पांढरा भाग, चारपाच चमचे मलईत वितळवलेले अर्धा पौंड लोणी, हे सारे एकत्र करून विस्तवावर ठेवायचे आणि दाट होईपर्यंत ढवळायचे. गार झाल्यावर पारीत भरायचे.

चारपाच चमचे मलई बाजूला ठेवली तर हे लेमन कर्डच आहे. भाजण्याआधीच विस्तवावर शिजवून दाट केलेले, स्वतःच्या पायावर उभे असलेले सारण. ते भट्टीत घातले नाही आणि तसेच खाल्ले तरी चालण्याजोगे होते. याच पुस्तकात ‘ऑरेंज बटर’ नावाचा पदार्थ आहे. दहा बलक, ऱ्हाइन नदीकाठची पांढरी वाइन, साखर आणि तीन गोड नारिंगांचा रस मंद आचेवर एकाच दिशेने ढवळत दाट करायचा आणि उतरवताना अक्रोडाएवढे लोणी घालायचे. म्हणजे आंबट रस, बलक, साखर आणि लोणी यांची सांगड इंग्लंडच्या स्वयंपाकघरात बसली होती. तिला अजून वेगळे नाव आणि वेगळी बरणी मिळालेली नव्हती.

योगायोग असा की १७४७ हेच वर्ष जेम्स लिंड या नौदलातल्या शल्यवैद्याच्या प्रयोगाचे. ‘सॉल्झबरी’ या जहाजावर स्कर्व्ही झालेल्या खलाशांना त्याने दोघादोघांच्या गटांत वेगवेगळे उपचार दिले आणि नारिंगे-लेमन मिळालेले दोघे झपाट्याने सुधारले. आरमाराला हे पचायला अर्धे शतक लागले. १७९५ पासून लेमनचा रस सरकारी शिध्यात आला आणि सिसिलीच्या बागांना मोठे गिऱ्हाईक मिळाले. एकोणिसाव्या शतकात ही मागणी एवढी वाढली की बागांच्या राखणीतून आणि दलालीतून सिसिलीतल्या माफियाचे पाय रोवले गेले, असे प्रतिपादन आर्थिक इतिहासाच्या अभ्यासकांनी आकडेवारीसह केले आहे. इंग्लंडच्या चहाच्या टेबलावरच्या सौम्य पिवळ्या बरणीचा पुरवठादार इतका सौम्य नव्हता.

लेमन कर्डच्या इतिहासाची सुरुवात बहुतेक ठिकाणी १८४४ पासून सांगितली जाते. त्या साली निघालेल्या लेडी शार्लट कॅम्पबेल ब्युरी यांच्या ‘द लेडीज ओन कुकरी बुक’ या पुस्तकाच्या आवृत्तीत हे नाव सापडते, म्हणून पदार्थही तिथून सुरू झाला असे धरले जाते. हे बरोबर नाही. लेडी ब्युरींच्या कृतीत मलईत लेमनचा आंबटपणा मिसळून ती फाडायची आणि फडक्यात बांधून पाणी निथळू द्यायचे, असे आहे. हा लेमनच्या वासाचा खराखुरा छेना झाला. त्याचे नाते गरम दुधात वाइन घालून ते फाडणाऱ्या ‘पॉसेट’ या जुन्या इंग्रजी पेयाशी आहे. अंड्याने दाट होणाऱ्या लेमन कर्डशी त्याचा संबंध नाही. नाव तिकडचे आणि पदार्थ इकडचा, असा हा प्रकार आहे. केवळ शब्द शोधत पुस्तके चाळली की असे होते. पदार्थाचा माग काढायचा तर ‘चीजकेक’च्या पानावरच थांबावे लागते.

तिथेच, १८६१ साली, निर्णायक वळण येते. इसाबेला बीटन यांचे ‘बुक ऑफ हाउसहोल्ड मॅनेजमेंट’ त्या वर्षी पुस्तकरूपाने आले. बीटनबाई तेव्हा पंचविशीत होत्या आणि अठ्ठाविसाव्या वर्षी वारल्या. त्यांच्या बहुतेक कृती इतर पुस्तकांतून आणि वाचकांच्या पत्रांतून गोळा केलेल्या होत्या, त्यामुळे त्यांना शोधाचे श्रेय देण्याचे कारण नाही. त्या काळच्या मध्यमवर्गीय घरात काय चालत होते याची साक्ष म्हणून मात्र हे पुस्तक अमोल आहे. त्यातल्या लेमन चीजकेकचे प्रमाण असे : पाव पौंड लोणी, एक पौंड साखर, सहा अंडी, दोन लेमनची साल आणि तीनांचा रस. सगळे एकाच पातेल्यात घालून साखर विरघळून मधासारखे दाट होईपर्यंत ढवळायचे. आणि मग, ग्लासबाईंप्रमाणे पारीत न भरता, लहान बरण्यांत भरून कोरड्या जागी ठेवायचे. तीन महिने चांगले राहते असा भरवसाही बाई देतात. चीजकेक करायचे त्या दिवशी त्यात कुटलेले बदाम किंवा पाकवलेली साल मिसळून पारीत भरावे आणि पाव तास भाजावे.

ग्लास आणि बीटन यांच्या कृती शेजारी ठेवल्या की शंभर वर्षांत काय घडले ते दिसते. अर्धा पौंड साखरेची एक पौंड झाली. लोणी निम्मे झाले. मलई गेली. वीसच्या आसपास बलक-पांढऱ्यांऐवजी सहा अख्खी अंडी आली. रस एका लेमनचा होता तो तीनांचा झाला. हे सगळे बदल एकाच दिशेचे आहेत : आंबटपणा आणि साखर वाढली, लवकर नासणारे दुधातुपाचे जिन्नस घटले. सारण टिकाऊ झाले, आणि टिकते म्हटल्यावर ते आधी करून ठेवता आले. कोठीघरात पिवळी बरणी उभी असली की न्याहारीला पाव कापणारा माणूस बदाम आणि पारीची वाट पाहत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लेमन कर्ड आणि लेमन चीज ही नावे स्वतंत्रपणे, पावाला लावायच्या पदार्थासाठी वापरली जाऊ लागली.

साखरेची मात्रा वाढण्यामागे स्वयंपाकघराबाहेरची कारणे होती. सिडनी मिंट्झ या मानववंशशास्त्रज्ञाच्या ‘स्वीटनेस अँड पॉवर’ या १९८५ च्या ग्रंथानुसार ब्रिटनमध्ये १८०० च्या सुमारास माणशी वर्षाला सुमारे १८ पौंड साखर खपत होती, तर विसाव्या शतकाच्या आरंभी सुमारे ९० पौंड. आधी ही साखर कॅरिबियन बेटांवरच्या गुलामांच्या घामाची होती. गुलामगिरी संपवणारा कायदा १८३३ चा. नंतर युरोपातल्या बीटची साखर बाजारात आली आणि १८७४ साली ब्रिटनने साखरेवरचे आयातशुल्क पूर्ण उठवले. काचेवरचा कर त्याआधीच, १८४५ मध्ये, गेला होता, त्यामुळे बरण्याही स्वस्त झाल्या. आगबोटींनी सिसिलीचे लेमन थोड्या दिवसांत, कमी नासाडीत लिव्हरपूल-लंडनला पोचू लागले. अंडी आणि लोणी गावातलेच होते. गवतावर चरणाऱ्या कोंबड्यांच्या बलकाचा गर्द रंग कर्डला मिळे. लेमनचा रस जवळजवळ बिनरंगी असतो. कर्डचा पिवळेपणा कोंबडीने दिलेला आहे.

कर्डला दाटपणा कसा येतो हे कळले की घरोघरच्या कृतींतले बारकावे समजतात. अंड्याच्या बलकातली प्रथिने ६५ अंश सेल्सियसच्या आसपास दाट होऊ लागतात आणि ७० च्या सुमारास आळतात. साखर हा बिंदू वर ढकलते, आंबट रस प्रथिनांची घडी लवकर उलगडतो. या ओढाताणीत मिश्रण साधारण ७६-७७ अंशांना चमच्याच्या पाठीवर थर धरते. उकळी फुटू दिली तर अंड्याचे कण वेगळे होतात आणि गुळगुळीत कर्डऐवजी गोड भुर्जी हाती येते. बीटनबाईंच्या काळात पातेले सरळ विस्तवावर ठेवत, त्यासाठी हात सरावलेला लागे. पुढे गरम पाण्याच्या भांड्यात दुसरे भांडे किंवा जाड बरणीच ठेवून शिजवण्याची रीत रूढ झाली. वेळ जास्त लागतो पण नासाडी टळते. लोणी बलकातल्या लेसिथिनमुळे रसात एकजीव होते आणि गार झाल्यावर थिजून आणखी घट्टपणा देते. म्हणून कर्ड चुलीवर असताना पातळ वाटले तरी घाबरण्याचे कारण नसते.

दोन बारकावे जुन्या पिढीने अनुभवाने शोधले होते. एक, भांडे उघड्या लोखंडाचे किंवा ॲल्युमिनियमचे नको, कारण आंबट रस धातू खातो आणि चव बिघडते. दुसरा सालीचा. तेव्हा साखर शंकूच्या आकाराच्या ढेपीत मिळे आणि तिचे खडे तोडून वापरत. असा खडा लेमनच्या सालीवर घासला की सालीच्या वरच्या थरातले सुगंधी तेल साखरेत उतरे आणि खालचा पांढरा, कडू थर तसाच राही. बारीक किसणीही हे काम इतक्या सफाईने करत नाही. ढेप गेली, दाणेदार साखर आली आणि ही युक्ती हरवली, हे त्या स्वस्ताईचे एक छोटे नुकसानच म्हणावे लागेल.

व्हिक्टोरियन काळात दुपारच्या चहाला जे स्थान मिळाले त्याने कर्डला कायमची जागा दिली. पाव, लोणी, स्कोन, जॅम यांच्या ओळीत एक आंबट बरणी हवीच होती. फळांचा हंगाम नसलेल्या हिवाळ्यात तर तिचे महत्त्व वाढे, कारण भूमध्य समुद्राकाठचे लेमन नेमके थंडीत येतात आणि त्याच सुमारास इंग्लंडच्या बागा ओस असतात.

जे घरात खपते ते कारखान्यात जातेच. हार्टली, चिव्हर्स, टिपट्रीचे विल्किन हे जॅमचे मोठे कारखाने एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या तीस वर्षांत उभे राहिले आणि फळांच्या मोरंब्यांबरोबर कर्डही बाटलीत आले. पण अंडी-लोण्याचा पदार्थ कारखान्याला अवघड. अंडी महाग, लोणी महाग आणि दोन्ही नासणारी. पर्याय हाताशी होते. बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड या औषधविक्रेत्याने पत्नीला अंडी सोसत नाहीत म्हणून १८३७ साली मक्याच्या पिठाचे बिनअंड्याचे कस्टर्ड तयार केले होते; पिष्टाने दाटपणा आणता येतो हे त्यामुळे घराघरात माहीत झाले. आंबटपणासाठीही लेमनच हवे असे राहिले नव्हते. सायट्रिक आम्ल स्वीडनच्या कार्ल विल्हेल्म शीलेने १७८४ साली लेमनच्या रसातून वेगळे केले होते, आणि १८२६ पासून इंग्लंडमध्ये ते इटलीहून आलेल्या मालापासून विकायला तयार होऊ लागले. १९१७ मध्ये जेम्स करी या अमेरिकी रसायनशास्त्रज्ञाने साखरेवर वाढणाऱ्या काळ्या बुरशीकडून हे आम्ल भरपूर मिळते असे दाखवले आणि दोन वर्षांत अमेरिकेतल्या फायझर कंपनीने त्याचे कारखानी उत्पादन सुरू केले. त्यानंतर लेमन कर्डमध्ये लेमन किती असावे हा प्रश्न चवीपेक्षा हिशेबाचा झाला.

घरच्या कर्डला खरा धक्का दिला तो दुसऱ्या महायुद्धाने. ८ जानेवारी १९४० पासून ब्रिटनमध्ये लोणी आणि साखर शिधापत्रिकेवर आली. त्याच वर्षी जूनमध्ये इटली युद्धात उतरली आणि सिसिलीचे लेमन बाजारातून नाहीसे झाले. १९४१ पासून अंडीही नियंत्रणाखाली आली आणि माणशी आठवड्याला साधारण एक मिळू लागले. बीटनबाईंचे प्रमाण या हिशेबात बसवून पाहावे. आठवड्याला दोन औंस लोणी आणि आठ औंस साखर धरली तर पाव पौंड लोणी म्हणजे एका माणसाचा दोन आठवड्यांचा शिधा, एक पौंड साखर दोन आठवड्यांची आणि सहा अंडी दीड महिन्याची. लेमन तर नाहीच. १९४२ च्या उन्हाळ्यापासून अमेरिकेतून अंड्याची भुकटी आली. मग मार्गारिन, अंड्याची भुकटी, मक्याचे पीठ आणि लेमनचा अर्क यांपासून ‘नकली’ लेमन कर्ड होऊ लागले. घट्टपणासाठी कोणी त्यात उकडलेला भोपळ्याच्या जातीचा मॅरो घालीत. कारखान्यांनी आधीच धरलेली वाट अशा रीतीने स्वयंपाकघरांनाही धरावी लागली. अंड्यांवरचे नियंत्रण आणि साखरेचे रेशन १९५३ मध्ये उठले, लोण्याचे मे १९५४ मध्ये, आणि ४ जुलै १९५४ ला रेशनिंगच संपले. पण चौदा वर्षांत एक पूर्ण पिढी पिठाळ कर्डवर वाढली होती आणि तिला तीच चव ओळखीची वाटत होती.

अस्सल कृती जिवंत ठेवण्यात विमेन्स इन्स्टिट्यूटचा वाटा मोठा आहे. ग्रामीण बायकांची ही संघटना कॅनडात, ऑन्टॅरिओतल्या स्टोनी क्रीक इथे १८९७ मध्ये सुरू झाली आणि सप्टेंबर १९१५ मध्ये वेल्समधल्या लानवायरपूल या गावी ब्रिटनमधली तिची पहिली शाखा निघाली. युद्धकाळात सरकारने दिलेल्या साखरेवर या बायकांनी गावोगाव फळे टिकवण्याची केंद्रे चालवली. शांततेच्या काळात आठवडी बाजारातले तिचे ठेले आणि गावच्या प्रदर्शनांतल्या स्पर्धा यांतून घरच्या कर्डचा एक मापदंड टिकून राहिला.

कायद्याचा मापदंड त्यापुढे फारच सैल आहे. इंग्लंडच्या २००३ च्या जॅम आणि तत्सम पदार्थांच्या नियमांनुसार एक किलो फ्रूट कर्डमध्ये किमान ४० ग्रॅम स्निग्धांश आणि ६.५ ग्रॅम अंड्याच्या बलकाचे घन पदार्थ असले की पुरते. स्निग्धांश लोण्याचाच असावा अशी अट नाही. ढोबळ हिशेब केला तर बीटनबाईंच्या प्रमाणात किलोमागे लोणी याच्या अडीचपट ते तिप्पट भरते आणि बलकाचे घन पदार्थ सहा ते आठ पट. स्वस्त बाटलीवरच्या यादीत साखर, ग्लुकोज सिरप, पाणी, पाम तेल, मक्याचे पीठ आणि सायट्रिक आम्ल यांनंतर अंडे आणि लेमनचा रस येतो. रंग कोंबडीऐवजी कुर्क्युमिन किंवा ल्युटीन देते. हे विकणे बेकायदा नाही, खाण्यालाही घातक नाही. पण बरणीवर कर्ड हे नाव लागले तरी चव पिवळ्या पिठल्याला साखर घातल्यासारखी लागते, हे मान्य करावे लागेल.

घरच्या कर्डवर आणखी एक संकट १९८८ च्या डिसेंबरात आले. एडविना करी या कनिष्ठ आरोग्यमंत्र्यांनी देशातल्या बहुतेक अंड्यांच्या उत्पादनात साल्मोनेला असल्याचे विधान केले, अंड्यांचा खप कोसळला आणि करींना पद सोडावे लागले. अर्धकच्च्या अंड्यांच्या सगळ्या पदार्थांकडे लोक संशयाने पाहू लागले. पुढे कोंबड्यांचे लसीकरण करणारी, अंड्यावर सिंहाचा शिक्का मारणारी योजना १९९८ मध्ये सुरू झाली आणि ती भीती ओसरली. तरी तीन महिने बरणी कोरड्या फडताळात ठेवण्याचा बीटनबाईंचा सल्ला आता कोणी देत नाही. फ्रिजमध्ये ठेवून काही आठवड्यांत संपवावे, असेच आजची इंग्रजी पुस्तके सांगतात. अमेरिकेत घरी बाटलीबंद करण्याच्या अधिकृत कृतीत ताज्याऐवजी बाजारचा बाटलीतला रस सांगितला आहे, कारण त्याची आम्लता ठरलेली असते. गरम पाण्यात बाटल्या बुडवून तापवल्यावरही मुदत तीनचार महिन्यांचीच धरली आहे.

साम्राज्याबरोबर कर्ड दूर गेले आणि तिथल्या फळांना लागू झाले. ऑस्ट्रेलियात त्याला लेमन बटर म्हणतात, न्यूझीलंडमध्ये लेमन हनी. दोन्हीकडे कृष्णफळाचे, म्हणजे पॅशनफ्रूटचे, कर्ड लेमनच्या तोडीस तोड मानतात. अमेरिकेत सारण बरणीत न उतरता पाईतच राहिले : फिलाडेल्फियात मिठाईचे दुकान आणि पाकशाळा चालवणाऱ्या एलिझाबेथ गुडफेलो यांच्याकडे लेमन मरांग पाईचे जनकत्व दिले जाते. बलक सारणात आणि उरलेला पांढरा भाग फेसून वर, असा तो काटकसरी हिशेब आहे. भारतात कागदी लिंबावर हा पदार्थ करता येतो. रस जरा कमी घ्यावा आणि साल अगदी हलक्या हाताने, हिरव्या थरापुरतीच किसावी.

इंग्लंडच्या गावोगावच्या उन्हाळी प्रदर्शनांत फ्रूट कर्डची स्पर्धा आजही होते. जॅमच्या बरणीला घट्ट झाकण लागते. कर्डवर मात्र मेणकागदाची चकती आणि सेलोफेन बांधायची पद्धत आहे, कारण ते दीर्घकाळ साठवायचे नसते, आणि चिठ्ठीवर केल्याची तारीख लिहावी लागते. परीक्षक बरणी उजेडात धरून हवेचे बुडबुडे आणि शिजून वेगळ्या झालेल्या पांढऱ्याचे तंतू शोधतात, मग चमचाभर चाखतात. पिठाने दाट केलेले कर्ड चमच्यावरच ओळखू येते.